जोशी, पल्लवी

(४ एप्रिल १९६९– ). अभिनेत्री, सूत्रसंचालक आणि निर्माती. जन्म मुंबई. बालकलाकार म्हणून सुरुवात. ‘दीवार’ चित्रपटातला लहानगा विजय साकारणारे अलंकार हे त्यांचे बंधू. झी टीव्हीच्या ‘अंताक्षरी’त अन्नू कपूर यांच्यासोबत सूत्रसंचालन केले. ‘असंभव’ या मराठी मालिकेची निर्मितीही त्यांचीच. मराठी घराघरांत मात्र त्या पोहोचल्या झी मराठीवरील ‘सारेगमप लिटिल चॅम्प्स’ या मुलांच्या गायनस्पर्धेच्या सूत्रसंचालनामुळे (२००८–०९). परीक्षक अवधूत गुप्ते व वैशाली सामंत निकाल देत. मुलांना बोलते करण्याचे, खरे तर अधिक अवघड, काम पल्लवींचे. कार्तिकी गायकवाड विजेती ठरली. तिच्यासह आर्या आंबेकर, प्रथमेश लघाटे, मुग्धा वैशंपायन व रोहित राऊत हे पाचही अंतिम स्पर्धक २०२१च्या पर्वात परीक्षक झाले.