गेम सुरू होत नाही? खर्च करण्याआधी कारण शोधा

सुटीच्या दिवशी मुलाने हौसेने नवा गेम घ्यावा, तासभर इन्स्टॉलेशन चालावे, चिन्हावर डबल क्लिक करताच पडदा क्षणभर काळा व्हावा आणि पुन्हा तोच डेस्कटॉप समोर यावा, हा अनुभव संगणक असलेल्या बहुतेक घरांनी घेतलेला असतो. मग घरात दोन तट पडतात. मुलाच्या मते ग्राफिक्स कार्ड जुने झाले आहे. वडिलांच्या मते गेममुळे संगणकात व्हायरस शिरला आहे. दोघांकडेही पुरावा नसतो. नवे कार्ड घ्यायचे तर काही हजारांपासून लाखापर्यंत खर्च येतो. दुसरीकडे, कोणाच्या तरी सांगण्यावरून अँटिव्हायरस बंद केला जातो आणि कुठून तरी एखादी फाइल उतरवून घेतली जाते. त्याच संगणकावर घरातले बँकेचे व्यवहारही होत असतात, हे त्या घाईत कोणाच्या लक्षात राहत नाही.

म्हणून प्रथम तक्रार नेमकी कोणती आहे ते ठरवावे. गेम मुळात उघडतच नाही, उघडून काही वेळाने बंद पडतो, चालतो पण अडखळतो, की गेमसोबत संपूर्ण संगणकच बंद होतो? या चारही दुखण्यांची मुळे बहुधा वेगवेगळी असतात.

पडद्यावरचा संदेश वाचा

गेम उघडताना एखादी फाइल सापडत नसल्याचा संदेश आला, तर ती खरे म्हणजे चांगली बातमी समजावी. अशा संदेशांत ‘डी३डीएक्स९_४३.डीएलएल’ हे नाव वर्षानुवर्षे दिसत आले आहे. मायक्रोसॉफ्टने गेम्ससाठी डायरेक्ट-एक्स ही व्यवस्था १९९५ मध्ये आणली. आजच्या विंडोजमध्ये तिची बारावी आवृत्ती असते. तरीही नवव्या आवृत्तीवर बेतलेला गेम अडतो, कारण त्या काळच्या काही पूरक फाइल्स विंडोजचा भाग कधीच नव्हत्या. गेम बनवणाऱ्याने त्या सोबत द्यायच्या असत. या फाइल्सचा शेवटचा एकत्रित संच जून २०१० चा आहे आणि तो मायक्रोसॉफ्टकडूनच विनामूल्य घेता येतो. तो बसवल्याने डायरेक्ट-एक्सची नवी आवृत्ती पुसली जात नाही.

‘व्हीसीरनटाइम१४०’ किंवा ‘एमएसव्हीसीपी१४०’ अशी नावे दिसली, तर मायक्रोसॉफ्टचे व्हिज्युअल सी++ चे वितरण-पॅकेज हवे आहे असे समजावे. ते ३२ बिट आणि ६४ बिट अशा दोन प्रकारांत मिळते. संगणक ६४ बिटचा असला तरी दोन्ही बसवावीत, कारण गेम ३२ बिटचा असू शकतो. ‘०एक्ससी००००००७बी’ हा दिसायला भयंकर क्रमांकही पुष्कळदा एवढेच सांगत असतो, की ३२ आणि ६४ बिटच्या फाइल्सची कुठेतरी सरमिसळ झाली आहे.

येथे एक पथ्य कटाक्षाने पाळावे. हरवलेली एकटी डीएलएल फाइल एखाद्या अनोळखी संकेतस्थळावरून उतरवून विंडोजच्या फोल्डरमध्ये टाकू नये. ती चुकीच्या आवृत्तीची असू शकते, आणि तिच्यासोबत आणखी काय आले हे कळण्याचा मार्ग आपल्याकडे नसतो. ‘आधी अँटिव्हायरस बंद करा’ अशी सूचना देणारे चोरीचे गेम्स तर या विषयात धरूच नयेत.

संदेश न दाखवताच गेम बंद होत असेल, तर विंडोजच्या ‘इव्हेंट व्ह्यूअर’मध्ये पाहावे. स्टार्ट मेन्यूत हे नाव टाइप केले की ते उघडते. त्यात ‘विंडोज लॉग्ज’ आणि त्याखाली ‘अॅप्लिकेशन’ असा विभाग असतो. गेम पडला त्या वेळेची लाल खुणेची नोंद शोधावी आणि तिच्यातील ‘फॉल्टिंग मॉड्यूल’चे नाव पाहावे. ते ‘एनव्ही’ या अक्षरांनी सुरू होत असेल तर संशय एनव्हिडियाच्या ड्रायव्हरकडे जातो, ‘एएमडी’ किंवा ‘एटीआय’ असेल तर एएमडीच्या. अशा वेळी ड्रायव्हर कार्ड बनवणाऱ्या कंपनीकडून घेऊन नव्याने बसवावा. नाव गेमच्याच फाइलचे असेल तर गेमच्या फाइल्स तपासून घ्याव्यात. स्टीममध्ये गेमच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये त्यासाठी सोय आहे; तुटलेल्या फाइल्स तेवढ्याच पुन्हा उतरवल्या जातात. संपूर्ण गेम काढून पुन्हा घालण्याची घाई करू नये.

नाव देवनागरी, अडचण रोमन

आपल्याकडे आवर्जून सांगण्यासारखे एक कारण आहे. विंडोज वापरकर्त्याच्या नावाने एक फोल्डर बनवते. मराठीप्रेमापोटी ते नाव देवनागरीत ठेवले असेल, तर काही गेम्सना, विशेषतः जुन्यांना, तो पत्ता वाचताच येत नाही. खेळाची प्रगती त्यांना साठवता येत नाही आणि ते मुकाट्याने बंद होतात. सेटिंग्जमध्ये जाऊन खात्याचे नाव बदलले, तरी मूळ फोल्डरचे नाव तेच राहते. त्यामुळे रोमन अक्षरांत एक नवे खाते उघडून त्यात गेम चालवून पाहणे हाच सोपा मार्ग. दोष अर्थात भाषेचा नाही, आळशीपणे लिहिलेल्या प्रोग्रॅमचा आहे.

याच जातीची आणखी एक अडचण म्हणजे ‘कंट्रोल्ड फोल्डर अॅक्सेस’. खंडणीखोर व्हायरसपासून आपल्या कागदपत्रांचे रक्षण व्हावे म्हणून विंडोज १० मध्ये २०१७ साली ही सोय आली. ती चालू असेल तर अनोळखी प्रोग्रॅमला ‘डॉक्युमेंट्स’मध्ये लिहिण्यास मज्जाव होतो आणि बहुतेक जुने गेम्स नेमके तेथेच लिहितात. ही सोय बंद न करता त्या एका गेमला परवानगी द्यावी.

जुन्या सीडीचे काय?

२००३ ची ‘व्हाइस सिटी’, २००५ ची ‘मोस्ट वाँटेड’, ‘क्रिकेट ०७’: एका पिढीचे दिवस सायबर कॅफेत आणि मित्राच्या घरी यांवरच गेले. त्या सीडी कपाटात सापडतात, पण आजच्या विंडोजवर चालत नाहीत. त्या काळी नकला रोखण्यासाठी सेफडिस्कसारखी कुलपे वापरली जात. त्यांचा ड्रायव्हर सुरक्षिततेच्या दृष्टीने घातक ठरल्याने २०१५ मध्ये विंडोज १० ने त्याला थारा दिला नाही. त्याच वर्षी विंडोज ७ आणि ८ वरही तो एका अपडेटने बंद करण्यात आला. म्हणजे सीडी अस्सल असूनही उपयोग नाही. त्याआधीच्या गेम्सची आणखी एक व्यथा आहे. काहींचे इन्स्टॉलर १६ बिटचे होते आणि ६४ बिट विंडोज ते चालवत नाही. डॉससाठी लिहिलेले गेम्स मात्र डॉसबॉक्स या विनामूल्य प्रोग्रॅममुळे आजही उत्तम चालतात. बाकीच्यांसाठी, गेम आजही अधिकृतपणे विक्रीस असेल तर ती आवृत्ती घ्यावी. ‘एज ऑफ एम्पायर्स २’ची नवी आवृत्ती २०१९ मध्ये आली आणि विंडोज ७ वर या गेमचे रंग विचित्र दिसण्याचा जो त्रास होता, त्यातून सुटका झाली.

जुना गेम नव्या संगणकावर अति वेगाने धावला तरी बिघडतो, हेही ध्यानात ठेवावे. ‘सॅन अँड्रियास’मध्ये ‘फ्रेम लिमिटर’ बंद केल्यास पात्राचे पोहणे आणि गाड्यांचे वागणे बिघडते, कारण त्यातील काही हिशेब फ्रेमच्या गतीला बांधलेले आहेत. तो पर्याय चालूच ठेवावा.

अडखळणारा खेळ

गेम सुरू होतो पण अडखळतो, ही तक्रार सर्वांत गुंतागुंतीची. सेकंदाला ६० फ्रेम हव्या असतील तर प्रत्येक चित्र सुमारे १६.७ मिलिसेकंदांत तयार व्हावे लागते. सरासरी ६० असूनही मधले एखादे चित्र १०० मिलिसेकंद घेत असेल, तर डोळ्याला झटका जाणवतोच. म्हणून केवळ सरासरी आकड्यावर विसंबू नये.

दोष कोणाचा हे ओळखण्याची एक साधी परीक्षा आहे. गेमचे रिझोल्यूशन एकदम कमी करावे, १९२० बाय १०८० असेल तर १२८० बाय ७२०. वेग बराच वाढला तर ओझे ग्राफिक्स कार्डावर होते. वेग जवळजवळ तेवढाच राहिला तर अडचण प्रोसेसरकडे किंवा रॅमकडे आहे आणि नव्या कार्डावर घातलेले पैसे वाया जातील. एवढी पाच मिनिटांची परीक्षा लॅमिंग्टन रोडची फेरी वाचवू शकते. वळताना किंवा नव्या जागी शिरतानाच झटके बसत असतील तर कार्डाची स्मृती अपुरी पडत असावी. ‘टेक्स्चर’चा दर्जा एक पायरी खाली आणून पाहावा. गेम जुन्या फिरत्या हार्ड डिस्कवर असेल तरी असेच होते. २०२३ च्या ‘स्टारफील्ड’ने तर किमान गरजांतच एसएसडी सक्तीची केली.

लॅपटॉपमध्ये अनेकदा दोन ग्राफिक्स चिप असतात, एक प्रोसेसरमधील काटकसरी आणि दुसरी दमदार. गेम चुकून पहिलीवर चालतो आणि मालक लॅपटॉपला बोल लावतो. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये ‘सिस्टीम’, ‘डिस्प्ले’, ‘ग्राफिक्स’ या वाटेने जाऊन त्या गेमसाठी ‘हाय परफॉर्मन्स’ निवडावे आणि चार्जर लावूनच खेळावे. बॅटरीवर वेग कमी होतो. डेस्कटॉपमधला याचाच भाऊ म्हणजे मॉनिटरची केबल कार्डाऐवजी मदरबोर्डच्या खाचेत लावलेली असणे. हसू येईल, पण कॅबिनेट साफसफाईसाठी हलवल्यावर ही चूक हमखास होते.

पहिली दहा मिनिटे गेम छान चालतो आणि मग मंदावतो, याचा अर्थ बहुतेक वेळा उष्णता. प्रोसेसर तापला की स्वतःला वाचवण्यासाठी वेग कमी करतो. रस्त्यालगतच्या घरात वर्षभरात पंख्यावर धुळीचा थर बसतो. तो साफ करावा, आणि लॅपटॉप गादीवर ठेवून खेळणे बंद करावे.

काही झटक्यांना मात्र आपला इलाज नाही. नवे गेम्स चित्र रंगवण्याच्या सूचना, म्हणजे शेडर, आपल्याच संगणकावर तयार करतात. मार्च २०२३ मध्ये ‘द लास्ट ऑफ अस पार्ट १’ संगणकावर आला तेव्हा हे काम पहिल्यांदा उघडताच सुरू होई आणि अनेकांकडे फार लांबे. ते मध्येच सोडू नये. ड्रायव्हर बदलला की ते पुन्हा करावे लागते, हेही स्वाभाविक आहे.

संशयित चुकीचा निघतो तेव्हा

गेम रंगात आला असता संपूर्ण संगणकच बंद होऊन पुन्हा सुरू होत असेल, तर नजर एसएमपीएसकडे वळवावी. माझ्या संगणकाचे असेच होत होते आणि मी महिनाभर ड्रायव्हर बदलत बसलो होतो. कॅबिनेटसोबत आलेला स्वस्त एसएमपीएस बदलताच दुखणे थांबले. इव्हेंट व्ह्यूअरमध्ये अशा वेळी ‘कर्नल-पॉवर ४१’ ही नोंद दिसते. ती कारण सांगत नाही, संगणक नीट बंद झाला नव्हता एवढेच सांगते.

इंटेलच्या १३ व्या आणि १४ व्या पिढीच्या प्रोसेसरची हकिकत याहून बोलकी आहे. अनेक गेम्स ‘ग्राफिक्सची स्मृती संपली’ असा संदेश देऊन बंद पडत. लोकांचा राग साहजिकच कार्डावर निघाला. प्रत्यक्षात दोष प्रोसेसरमध्ये होता. त्याला गरजेपेक्षा अधिक व्होल्टेज मिळत असल्याचे इंटेलने २०२४ मध्ये मान्य केले, ऑगस्टपासून बायोसद्वारे सुधारणा दिली आणि बाधित प्रोसेसरची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली. या पिढ्यांचा डेस्कटॉप प्रोसेसर, विशेषतः आय७ किंवा आय९, असेल तर मदरबोर्डचे बायोस अद्ययावत करावेच. मात्र एकदा झालेली झीज अपडेटने भरून येत नाही. बंद पडणे चालूच राहिले तर वॉरंटीत प्रोसेसर बदलून मागावा.

सांभाळून करावयाचा आणखी एक बदल ‘सिक्युअर बूट’चा. विंडोज ११ वर ‘व्हॅलोरंट’ला तो आणि टीपीएम २.० दोन्ही चालू लागतात. २०२५ चा ‘बॅटलफील्ड ६’ही सिक्युअर बूट मागतो. बायोसमध्ये जाऊन तो लगेच चालू करू नये. आधी ‘सिस्टीम इन्फर्मेशन’मध्ये ‘बायोस मोड’ पाहावा. तेथे ‘लेगसी’ असेल तर डिस्कची रचना बदलल्याशिवाय संगणक सुरूच होणार नाही. डिस्कला बिटलॉकरचे कुलूप असेल तर त्याची रिकव्हरी की आधी कागदावर उतरवून ठेवावी. किल्ली नसताना बदल केला आणि संगणकाने ती मागितली, तर घरचे फोटो आणि कामाच्या फाइल्स आतच अडकतात.

एवढे करूनही उलगडा झाला नाही, तर ‘डीएक्सडायग’ चालवून त्यातील सर्व माहिती एका फाइलमध्ये साठवावी आणि दुरुस्ती करणाऱ्याकडे किंवा गेमच्या कंपनीकडे ती द्यावी. गेम स्टीमवर घेतला असेल तर खरेदीपासून १४ दिवसांत, आणि खेळण्याचा वेळ दोन तासांहून कमी असेल तर, पैसे परत मागता येतात. गेम उघडा असलेला सगळा वेळ यात धरला जातो, शेडर तयार होण्याची वाट पाहण्यात गेलेला पाऊण ताससुद्धा.