पॅम (ओळख-पडताळणीचे सामाईक घटक)
संगणकाच्या वापरकर्त्याची ओळख पडताळणाऱ्या सामाईक लायब्ररी-फायलींची व्यवस्था. युनिक्स प्रणालीत पूर्वी प्रवेश देणारी प्रत्येक आज्ञावली परवलीचा शब्द स्वतःच तपासत असे. तपासणीची रीत बदलावयाची झाल्यास या सर्व आज्ञावल्या नव्याने सिद्ध कराव्या लागत. ही अडचण टाळण्यासाठी सन मायक्रोसिस्टिम्स या अमेरिकन कंपनीतील विपिन समर व त्यांचे सहकारी यांनी १९९५ मध्ये पॅमची योजना मांडली. तीनुसार हे काम स्वतंत्र फायलींकडे सोपविले जाते. ओळख, खात्याची वैधता, परवलीच्या शब्दातील बदल व सत्र ही त्याची चार अंगे होत. कोणती फाइल केव्हा वापरावयाची, हे प्रशासक ठरवितो. १९९६ मध्ये रेड हॅट लिनक्सने ही योजना स्वीकारली.

सामाईक फायलीतील दोष मात्र ती वापरणाऱ्या सर्व आज्ञावल्यांना बाधतो. मार्च २०२४ मध्ये एक्सझेड या माहिती-संक्षेपक संचाच्या ५.६.० व ५.६.१ या आवृत्त्यांत हेतुपुरस्सर ठेवलेला चोरदरवाजा उघडकीस आला. हा संच पॅमचा भाग नव्हता. परंतु काही लिनक्स प्रणालींत दूरस्थ प्रवेशाची आज्ञावली त्याची फाइल अप्रत्यक्षपणे वापरीत असे. प्रवेशास लागणारा सुमारे अर्ध्या सेकंदाचा जादा वेळ आंड्रेस फ्रॉइंट या अभियंत्याच्या ध्यानात आला, आणि त्याच्या शोधातून हा प्रकार उजेडात आला. प्रवेशाची सुरक्षितता पडताळणी करणाऱ्या फायलीइतकीच तिच्यासोबत स्मृतीत येणाऱ्या इतर फायलींवरही अवलंबून असते, हे यावरून स्पष्ट झाले.