मालिका दाराबाहेर का? 'तमस', सेन्सॉरचा दाखला आणि चित्रपट पुरस्कार

आजचा विषय वाचून काहींना प्रश्न पडला असेल की सेवाग्रामात चित्रपट पुरस्कारांवर व्याख्यान कशाला? प्रश्न रास्त आहे. १९२७-२८ साली सरकारच्या सिनेमा चौकशी समितीनं गांधीजींना मत विचारलं, तेव्हा आपण सिनेमा पाहिलेलाच नाही आणि त्यातून झालेलं नुकसान मात्र उघड दिसतं, अशा आशयाचं उत्तर त्यांनी पाठवलं होतं. पण मला जी गोष्ट सांगायची आहे तिचा एक धागा याच गावातून जातो, म्हणून इथूनच सुरुवात करतो.

१९३८ च्या सुमारास बलराज साहनी इथं 'नई तालीम' या पत्रिकेचं काम करत होते. पुढे 'दो बीघा ज़मीन'मध्ये रिक्षा ओढणारे तेच बलराज साहनी. त्यांचा धाकटा भाऊ रावळपिंडीहून त्यांना भेटायला आला. वर्धा स्टेशनावर रात्री उतरला, टांग्यानं इथं आला आणि सकाळी भावाबरोबर गांधीजींच्या फेरफटक्यात सामील झाला. हा धाकटा भाऊ म्हणजे भीष्म साहनी. 'आज के अतीत' या आत्मकथनात त्यांनी हे सगळं लिहिलं आहे.

नऊ-दहा वर्षांनी त्यांच्या रावळपिंडीत दंगल पेटली. त्या आठवणींतून सत्तरीच्या दशकात 'तमस' ही कादंबरी आली, १९७५ साली तिला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. कादंबरीत जरनैल नावाचा एक वेडसर, निर्भय गांधीभक्त आहे, दंगलीतच मारला जातो. भीष्मजींनी सेवाग्राम पाहिलं नसतं तर जरनैल असा उतरला असता का, याचा पुरावा माझ्याकडे नाही, पण तो वाचताना हे गाव मला आठवतं खरं.

गोविंद निहलानींनी या कादंबरीची मालिका केली. जानेवारी १९८८ मध्ये ती दूरदर्शनवर सुरू झाली. देशात तेव्हा दूरदर्शन सोडून दुसरं काही नव्हतं. ज्याच्या घरी टीव्ही नाही तो शेजारी जाऊन बसायचा. आणि त्या वर्षीच्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत, म्हणजे १९८७ सालच्या चित्रपटांसाठीच्या पस्तिसाव्या पुरस्कारांत, 'तमस'ला तीन पुरस्कार मिळाले. राष्ट्रीय एकात्मतेवरील सर्वोत्कृष्ट कथाचित्रपटासाठीचा नर्गिस दत्त पुरस्कार, सुरेखा सिक्रींना सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचा, आणि वनराज भाटियांना संगीताचा.

आता इथं थांबा. मालिकांना चित्रपट पुरस्कार मिळत नाहीत, असं आपण धरून चालतो. नियमही तेच सांगतो. मग 'तमस'ला कसा मिळाला? परीक्षकांनी डोळेझाक केली का? नाही. हे उत्तर नीट समजलं की बाकीचा विषय आपोआप उलगडतो, म्हणून जरा तपशिलात जाऊ.

मालिका सुरू होताच मुंबई उच्च न्यायालयात अर्ज झाला. दंगलीची दृश्यं आहेत, लोक पुन्हा भडकतील, प्रक्षेपण थांबवा. एका न्यायमूर्तींनी स्थगिती दिली. प्रकरण अपिलात गेलं. न्यायमूर्ती लेंटिन आणि न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी स्वतः बसून मालिका पाहिली आणि स्थगिती उठवली. पुढे सर्वोच्च न्यायालयात १६ फेब्रुवारी १९८८ रोजी निकाल लागला, 'रमेश विरुद्ध भारत सरकार' या नावानं तो कायद्याच्या विद्यार्थ्यांना आजही वाचावा लागतो. त्यात कसोटी लावली ती आपल्या शेजारच्या नागपूरची. नागपूर उच्च न्यायालयात न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी स्वातंत्र्याच्या तोंडावर एका खटल्यात म्हटलं होतं की शब्दांचा परिणाम मोजायचा तो समंजस, खंबीर, धीट माणसाच्या मापानं. सतत बिथरणाऱ्या, जिथं तिथं धोका दिसणाऱ्या माणसाच्या मापानं नव्हे. सर्वोच्च न्यायालयानं तेच माप 'तमस'ला लावलं.

पण आपल्या विषयासाठी त्या निकालातली दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. न्यायालयानं नोंदवलं की या कृतीला सेन्सॉर मंडळानं 'यू' दाखला दिलेला आहे, म्हणजे सर्वांनी पाहण्याजोगी म्हणून. दूरदर्शनवर रोज लागणाऱ्या मालिका सेन्सॉरकडे जात नव्हत्या. 'तमस' गेली होती. सेन्सॉरचा दाखला हातात आल्याबरोबर कायद्याच्या दृष्टीनं ती 'फिल्म' झाली. घरात भागांनी पाहिली गेली, ही वेगळी बाब. पुरस्काराच्या दारात तिला कुणी विचारलं नाही की तू मालिका की चित्रपट. दाखला आहे ना? या आत. म्हणूनच पुरस्काराच्या नावात 'कथाचित्रपट' आहे.

सत्यजित राय यांची 'सद्गती' तर थेट दूरदर्शनसाठीच केलेली. प्रेमचंदांची कथा, ओम पुरी, स्मिता पाटील, तासाभराच्या आतली. तिलाही १९८१ च्या पुरस्कारांत परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला. म्हणजे टीव्हीसाठी बनलं हा आपल्याकडे कधी गुन्हा नव्हता.

मग नियम आला कुठून? आपल्याकडचे राष्ट्रीय पुरस्कार १९५४ साली सुरू झाले, १९५३ च्या चित्रपटांसाठी. पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक आचार्य अत्रे यांच्या 'श्यामची आई'ला, हे मराठी माणसाला सांगायला नको. त्याच्या थोडं आधी १९५२ चा सिनेमॅटोग्राफ कायदा झालेला. त्या कायद्यात दाखला द्यायचा तो 'सार्वजनिक प्रदर्शना'साठी. लोक एका जागी जमणार, अंधारात बसणार, तिकीट काढून पाहणार, म्हणून सरकारनं आधी पाहून घ्यायचं. पुरस्कारानं तीच व्याख्या उचलली. त्या त्या वर्षात दाखला मिळालेला चित्रपट तो पात्र. दिल्लीत टीव्ही आला १५ सप्टेंबर १९५९ ला, तोही प्रयोग म्हणून. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला, गांधीजयंतीच्या दिवशी. तेव्हा मालिकांना कुणी ठरवून बाहेर ठेवलं, असं आपल्या बाबतीत म्हणता येत नाही. नियम लिहिला तेव्हा दाराशी दुसरं कुणी उभंच नव्हतं.

अमेरिकेत तसं नाही. तिथं भांडण होतं. ऑस्कर देणारी अकादमी ही सिनेउद्योगानं १९२७ साली काढलेली संस्था, पहिला सोहळा १९२९ चा. युद्धानंतर टीव्ही घराघरांत शिरला, थिएटरं ओस पडू लागली. टीव्हीवाल्यांनी १९४९ पासून आपले एमी पुरस्कार वेगळे सुरू केले. ऑस्करचा नियम आजही असा की चित्रपट आधी थिएटरात लागला पाहिजे, ठरलेल्या शहरात निदान सात दिवस सलग, आणि पहिलं प्रदर्शन टीव्हीवर झालेलं नसावं. यातली गंमत अशी की १९५३ साली स्टुडिओंनी सोहळ्याच्या खर्चातून अंग काढून घेतलं, तेव्हा एनबीसी या दूरचित्रवाणी कंपनीच्या पैशांवर सोहळा झाला आणि पहिल्यांदा घरोघरी दिसला. ज्याच्या पैशानं मांडव उभा राहिला त्याला पंगतीत पान नाही.

या नियमाचा फटका सर्वांत मोठा बसला तो बर्गमनना. 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज' ही त्यांची स्वीडिश मालिका १९७३ मध्ये टीव्हीवर आली. मग तिचा कापून चित्रपट केला, अमेरिकेत थिएटरात लागला. लिव उलमनच्या कामाचं सगळीकडे कौतुक. पण आधी टीव्हीवर आली होती, म्हणून ऑस्करला अपात्र. फेलिनींसारख्या दिग्दर्शकांनी जाहीर पत्र काढलं, उपयोग झाला नाही. दहा वर्षांनी 'फॅनी अँड अलेक्झांडर'ची थिएटरची आवृत्ती बर्गमननी आधी बाहेर काढली, पाच तासांहून लांब टीव्हीची आवृत्ती मागून. त्या चित्रपटाला चार ऑस्कर. माणूस तोच, पद्धत तीच. फक्त क्रम बदलला.

लांबी हा मुद्दा कधीच नव्हता, हेही सांगून टाकतो. सोव्हिएत 'वॉर अँड पीस' सात तासांचा, चार भागांत प्रदर्शित झालेला, आणि परभाषिक चित्रपटाचा ऑस्कर घेऊन गेला. विठ्ठलभाई झवेरींचा 'महात्मा' हा गांधीजींवरचा माहितीपट साडेपाच तासांचा आहे, तुमच्यापैकी काहींनी पाहिला असेल. त्याला कुणी मालिका म्हणत नाही.

दार बंद करायचा ठोस निर्णय झाला तो अगदी अलीकडे. ईएसपीएन या क्रीडा वाहिनीनं 'ओ. जे.: मेड इन अमेरिका' केली, पाच भाग, पावणेआठ तास. टीव्हीवर यायच्या आधी २०१६ च्या मे महिन्यात ती न्यूयॉर्क आणि लॉस एंजलिसच्या थिएटरांत थोडे दिवस लावली. नियमाचं अक्षर पाळलं. २०१७ च्या सुरुवातीला माहितीपटाचा ऑस्कर तिला मिळाला, आणि दोन महिन्यांच्या आत अकादमीनं नवा नियम केला: अनेक भागांची किंवा मर्यादित भागांची मालिका माहितीपटाच्या गटात पात्र नाही. एकानं खिडकीतून उडी मारून बक्षीस नेलं, दुसऱ्या दिवशी खिडकीला गज बसले.

मला हा नियम सरसकट चुकीचा वाटत नाही. परीक्षकांच्या बाजूनं विचार करा. त्यांच्यासमोर दोन तासांच्या शंभर कृती आहेत आणि त्यात एक दहा तासांची. दहा तासांत नटाला पात्र फुलवायला जी जागा मिळते, ती दोन तासांत कशी मिळणार? शिवाय मालिका अनेकदा संपलेलीच नसते. पुढच्या हंगामात तीच गोष्ट कुठे जाईल, माहीत नाही. दिग्दर्शक भागागणिक बदलतो, सूत्र लेखकाच्या हातात असतं. तेव्हा 'सर्वोत्कृष्ट दिग्दर्शक' कुणाला म्हणायचं? या खऱ्या अडचणी आहेत. वेगळा गट असावा हे मला मान्य आहे.

माझा आक्षेप आपल्याकडच्या कारणावर आहे. आपण मालिकेला रूपामुळे बाहेर ठेवत नाही, दाखल्यामुळे ठेवतो. आजच्या वेबमालिका सेन्सॉरकडे जात नाहीत. २०२१ च्या नियमांनुसार त्या स्वतःच स्वतःला वयोगट लावतात. म्हणजे ज्या कृतीला सरकारी कात्रीतून मोकळीक मिळाली, तिला त्याच कारणानं सरकारी पदक नाही. 'तमस'नं कात्रीसमोर मान दिली, तिला पदक मिळालं. हे कलेचं मोजमाप नव्हे, हा कारकुनी हिशेब आहे.

याची आपल्याला, मराठी माणसांना, किंमत काय? दोन पुस्तकं घ्या. साने गुरुजींनी १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात 'श्यामची आई' लिहिलं. प्रकरणांना 'रात्र पहिली', 'रात्र दुसरी' असं म्हटलंय. श्याम रोज रात्री थोडं सांगतो, मुलं ऐकतात. रचना मालिकेचीच की! पण १९५३ साली पडदा होता तो थिएटरातला, म्हणून अत्र्यांनी चित्रपट केला आणि सुवर्णपदक आलं. दुसरं पुस्तक, खरं तर चार पुस्तकं: प्रकाश नारायण संतांच्या 'वनवास', 'शारदा संगीत', 'पंखा', 'झुंबर'. बेळगावकडचा लंपन, त्याची कानडी वळणाची मराठी. २०२४ मध्ये निपुण धर्माधिकारींनी यावर 'लंपन' ही वेबमालिका केली. सोनी लिववर आली. ती चित्रपट म्हणून का केली नाही? कारण या गोष्टींना सुटी सुटी जागा लागते. दोन तासांत कोंबल्या तर त्यातला रेंगाळलेपणा जाईल, आणि लंपनमध्ये रेंगाळणं हेच तर मुख्य.

याच दिग्दर्शकाच्या 'मी वसंतराव' या चित्रपटासाठी राहुल देशपांडे यांना गायनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'लंपन'ला त्या दारातून जाताच येत नाही, कितीही चांगली असली तरी. गोव्यात इफ्फीनं २०२३ पासून वेबमालिकांसाठी वेगळा पुरस्कार सुरू केला. पहिल्या वर्षी 'पंचायत'च्या दुसऱ्या हंगामाला, दुसऱ्या वर्षी 'लंपन'ला. चांगली गोष्ट आहे, टाळ्या वाजवल्याच पाहिजेत. पण तो महोत्सवाचा पुरस्कार झाला. राष्ट्रीय पुरस्कारांच्या यादीत ती नाही.

आणि यादीत नसणं म्हणजे नुसता मान हुकणं नव्हे. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं राहिलं, ते चित्रपटांसाठी. पुरस्कारप्राप्त चित्रपट जपणं हे त्याच्या कामांपैकी एक. मालिकांना असं घर मिळालं नाही. दूरदर्शनच्या सुरुवातीच्या काळात टेप महाग होत्या, जुन्या पुसून त्यावर नवं चित्रित करायचे, असं तिथले जुने लोक सांगतात. 'चिमणराव'नं सत्तरीच्या दशकात अख्ख्या मुंबईला हसवलं, ते सगळे भाग आज मागून पाहा, मिळतात का. वेबमालिका तर कंपनीच्या मर्जीवर. करार संपला, यादीतून नाव गेलं, संपलं. त्याची कुणी पावती देत नाही.

म्हणून मला वाटतं, राष्ट्रीय पुरस्कारांत मालिकांसाठी वेगळा विभाग हवा, त्यात सेन्सॉरच्या दाखल्याची अट नको, आणि निवडलेल्या मालिकेची पूर्ण प्रत पुण्यात जमा करायची अट मात्र हवीच. दिग्दर्शकाचा की लेखकाचा, हंगाम संपल्यावर की आधी, हे वाद होतील, होऊ द्या. 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज'च्या वेळीही झालेच होते.

बरं, वेळ होत आली. मागच्या बाजूला दोन-तीन हात वर दिसतायत. नई तालीमच्या बाजूनं आलेले विद्यार्थी आधी विचारतील का?