हिरण्यकेशी खोरे : शेजारी राज्यांचे जल-सहकार्य आणि हवामान-धोरण

हिरण्यकेशी खोरे : कृष्णा नदीच्या घटप्रभा उपखोऱ्याचा, महाराष्ट्र व कर्नाटक या दोन राज्यांत विभागला गेलेला भाग. हिरण्यकेशी नदी सावंतवाडी तालुक्यातील आंबोली येथे सह्याद्रीच्या माथ्यावर एका गुहेत उगम पावते. तेथून पूर्ववाहिनी होऊन कोल्हापूर जिल्ह्यातील आजरा व गडहिंग्लज हे तालुके ओलांडते, संकेश्वरावरून बेळगाव जिल्ह्यात शिरते आणि पुढे घटप्रभेस मिळते. आजरा हे या खोऱ्याच्या शिरोभागी वसलेले तालुक्याचे ठिकाण. गावाजवळच रामतीर्थाच्या खडकांवरून नदी खाली झेपावते. नदीचे भूवर्णन हा प्रस्तुत नोंदीचा मुख्य विषय नव्हे. एका लहान नदीच्या काठी दोन शासने नांदत असता पाऊस, पूर, ऊस आणि अरण्य यांचा हिशेब ती एकमेकांशी कसा ठेवतात, किंवा ठेवीत नाहीत, हे येथे पाहावयाचे आहे.

‘शेजारी देश’ ही कल्पना या मुलखाला अपरिचित नाही. घाटमाथ्यावरच्या प्रदेशाला ‘देश’ आणि खालच्या पट्टीला ‘कोकण’ म्हणण्याची जुनी वहिवाट आहेच. आजरा या दोहोंच्या शिवेवर असल्यामुळे घाट उतरणे म्हणजे येथे एका अर्थी देशांतर करणेच होय. परंतु अलंकार बाजूला ठेवला तरी वस्तुस्थिती याहून निराळी नव्हती. स्वातंत्र्यापूर्वी हिरण्यकेशी सावंतवाडी संस्थानात उगम पावे, इचलकरंजीकर घोरपड्यांच्या जहागिरीतील आजरा महालातून वाहत जाई, कोल्हापूर दरबारच्या अंमलाखालील गडहिंग्लज ओलांडी आणि संकेश्वरापाशी खालसा म्हणजे इंग्रजी मुलखात प्रवेश करी. आणि आंबोलीचा घाट उतरून दक्षिणेकडे वळणाऱ्यास पोर्तुगिजांचे गोवे फार दूर नव्हते. कोल्हापूर संस्थान १ मार्च १९४९ रोजी मुंबई राज्यात विलीन झाले, १ नोव्हेंबर १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत चंदगड तालुका बेळगाव जिल्ह्यातून निघून कोल्हापुरास जोडला गेला, आणि १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला. सरहद्दी अशा तीन वेळा हलल्या, परंतु नदीच्या पाणलोटाशी त्यांतील एकीचाही मेळ बसला नाही. सीमाप्रश्नाची कैफियत स्वतंत्र असून तिचा निवाडा येथे करण्याचे कारण नाही. एवढेच नोंदवावे की भाषेच्या नकाशावर ज्यांचे एकमत होत नाही अशा दोन राज्यांना पाण्याच्या नकाशावर मात्र एकमेकांवाचून गत्यंतर नाही.

राज्यघटनेने पाणी हा विषय राज्यसूचीत ठेवला, आंतरराज्य नद्यांचे नियमन व विकास यांबाबतचा अधिकार केंद्राच्या सूचीत दिला, आणि तंट्यांसाठी २६२ व्या अनुच्छेदात वेगळी तरतूद केली. तिच्या आधारे झालेल्या १९५६ च्या आंतरराज्य जलविवाद कायद्यान्वये १० एप्रिल १९६९ रोजी न्यायमूर्ती आर. एस. बचावत यांच्या अध्यक्षतेखाली कृष्णा पाणीतंटा लवाद नेमण्यात आला. लवादाने २४ डिसेंबर १९७३ रोजी निर्णय दिला आणि १९७६ मध्ये पूरक अहवालाने त्यास अंतिम रूप आले. दर शंभर वर्षांपैकी पंचाहत्तर वर्षी हमखास मिळेल असे कृष्णेचे वार्षिक पाणी २,०६० अब्ज घनफूट (लोकव्यवहारात ‘टीएमसी’) धरून महाराष्ट्रास ५६०, कर्नाटकास ७०० व आंध्र प्रदेशास ८०० असे हिस्से ठरले. न्यायमूर्ती ब्रिजेश कुमार यांच्या दुसऱ्या लवादाने २०१० मध्ये निर्णय दिला व २०१३ मध्ये त्यात फेरफार केले. परंतु तो निर्णय राजपत्रात प्रसिद्ध करण्यास सर्वोच्च न्यायालयाने मनाई केल्यामुळे पहिल्या लवादाचाच फैसला अंमलात राहिला.

आजऱ्याच्या दृष्टीने त्या फैसल्यातील एक लहानसे कलम सर्वांत महत्त्वाचे आहे: घटप्रभा उपखोऱ्यातून महाराष्ट्राने कोणत्याही जलवर्षात ७ अब्ज घनफुटांहून अधिक पाणी वापरू नये. जलवर्ष म्हणजे १ जून ते ३१ मे, आणि वापरात बाष्पीभवनाने उडून जाणारे पाणीही धरलेले. म्हणजे उन्हाने प्यालेले पाणीसुद्धा शेतकऱ्याच्याच खाती मांडले जाते. हे ७ अब्ज घनफूट आजरा, गडहिंग्लज व चंदगड या तालुक्यांनी मिळून वाटून घ्यावयाचे. त्यांतूनच आजरा तालुक्यातील चित्री (सुमारे १.९ अब्ज घनफूट), आंबेओहोळ, उचंगी, सर्फनाला आदी प्रकल्प आणि नदीपात्रातील कोल्हापूर पद्धतीच्या बंधाऱ्यांची माळ उभी राहिली. याउलट घटप्रभेवर हुक्केरी तालुक्यात कर्नाटकाने बांधलेल्या हिडकल धरणाची, म्हणजे राजा लखमगौडा जलाशयाची, क्षमता ५१ अब्ज घनफूट आहे. या तुलनेवरून अन्यायाची हाकाटी करणे सोपे असले तरी ते न्याय्य होणार नाही; कारण पूर्वेकडील कोरड्या पट्ट्याला कालव्याचे पाणी मिळावे ही योजना जुनी असून धूपदाळचा बंधारा त्याच हेतूने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बांधला गेला होता. वरच्याने पाऊस झेलावा आणि खालच्याने तो साठवावा, ही वाटणी डोंगर आणि मैदान यांच्या स्वभावाला धरूनच होती.

खरा दोष वाटणीत नसून तिच्या गृहीतात आहे. लवादापुढे प्रश्न होता तो टंचाईचा: पाणी अपुरे, दावेदार अनेक, तेव्हा ज्याचा त्याचा हिस्सा मोजून द्यावा. जास्तीचे पाणी हे संकट होऊ शकते, आणि त्या संकटाचीही वाटणी करावी लागते, हा विचार त्या पिढीच्या दप्तरात फारसा आढळत नाही. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेतील रॉक्सी मॅथ्यू कोल व त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या संशोधनात, १९५० ते २०१५ या काळात मध्य भारतातील व्यापक अतिवृष्टीच्या घटना सुमारे तिपटीने वाढल्याचे दाखवून दिले. सरासरी पाऊस तेवढाच किंवा किंचित कमी, पण तो थोड्या दिवसांत कोसळावयाचा, असा हा पालट आहे. आणि पंचाहत्तर टक्के विश्वासार्हतेच्या कोष्टकात तो मावत नाही, कारण ते कोष्टक वर्ष मोजते आणि पूर दिवसांत येतो.

हिरण्यकेशीचे संगमस्थान या बाबतीत निर्णायक ठरते. चंदगडकडून येणाऱ्या घटप्रभा व ताम्रपर्णी यांचे पाणी हिडकलच्या जलाशयात अडते. हिरण्यकेशी मात्र धरणाच्या खाली घटप्रभेस मिळत असल्यामुळे तिच्या लोंढ्यास अडविणारे मोठे धरण वाटेत नाही. आंबोली-आजऱ्याच्या डोंगरात कोसळलेला पाऊस साळगावचा बंधारा बुडवितो, गडहिंग्लजजवळ भडगावच्या पुलावर येतो, संकेश्वराच्या सखल वस्तीत शिरतो आणि हिडकलचा विसर्ग व मार्कंडेय नदीचे पाणी यांच्याशी एक होऊन गोकाकजवळच्या लोळसूर पुलापाशी पोहोचतो. २०१९ च्या ऑगस्टमध्ये व २०२१ च्या जुलैमध्ये गोकाक शहराने ते अनुभवले. अशा वेळी आजरा तालुक्यातील लहान धरणे ही केवळ आजऱ्याची धरणे राहत नाहीत. एक अब्ज घनफूट पाणी म्हणजे एक अहोरात्र सुमारे ११,५७४ क्युसेकचा प्रवाह. चित्रीत पूर येण्याआधी निम्मी जागा रिकामी ठेविली तर जवळजवळ तेवढा प्रवाह एक दिवस थोपविता येईल. महापुरापुढे हे प्रमाण अल्प आहे, हे कबूल केलेच पाहिजे. तथापि ही जागा रिकामी ठेवण्याची जोखीम आजऱ्याने पत्करावयाची, पुढे पाऊस रुसला तर उन्हाळ्यातील आवर्तन चुकून उपसाबंदीला तोंड द्यावयाचे ते त्यानेच, आणि लाभ मात्र गोकाकच्या पेठेने घ्यावयाचा, असा हा व्यवहार असून त्याची किंमत कोणत्याही करारनाम्यात लिहिलेली नाही.

सार्वजनिक वादात मात्र बोलबाला होतो तो अलमट्टीचा. २०१९ च्या महापुरानंतर कोल्हापूर-सांगलीच्या जलप्रलयास कृष्णेवरील हे कर्नाटकी धरण कारण झाल्याची भावना प्रबळ होती. महाराष्ट्र शासनाने नेमलेल्या नंदकुमार वडनेरे समितीने २०२० च्या अहवालात मात्र तो पूर प्रामुख्याने अलमट्टीमुळे आल्याचे मान्य केले नाही. समितीचा निष्कर्ष लोकांना रुचला नाही आणि वाद आजही शमलेला नाही. वरचा खालच्यास पाणी अडविल्याबद्दल दोष देतो, असा हा विपरीत प्रकार आहे. एरवी जगात तक्रार खालच्याची असते. त्यातून निघालेले एक इष्ट फल असे की जून २०२१ मध्ये दोन्ही राज्यांच्या नेत्यांची बंगळूर येथे भेट होऊन पावसाळ्यात विसर्गाची माहिती परस्परांस वेळीच देण्याचे ठरले. निरोप पोहोचविणे ही सहकार्याची पहिली पायरी होय, परंतु ती पहिलीच.

हवामान-धोरणाचे कागद याहून वेगळ्या दिशेने निघाले. केंद्राने ३० जून २००८ रोजी आठ अभियानांचा राष्ट्रीय कृती-आराखडा जाहीर केला आणि राज्यांनी आपापले आराखडे करावे असे ठरले. महाराष्ट्राने ते काम दिल्लीच्या टेरी या संस्थेकडे सोपविले. कर्नाटकाने आपला आराखडा बंगळुरात सिद्ध केला. दोन्ही ठिकाणी परिश्रम झाले यात संशय नाही, परंतु आराखड्याचा कारभार जिल्हाधिकाऱ्यांच्या हुकमतीपर्यंत चालतो आणि कोल्हापूरच्या जिल्हाधिकाऱ्यांची हुकमत संकेश्वरच्या अलीकडेच संपते.

सहकार्य अशक्य आहे असे मात्र नव्हे. त्याचा उत्तम दाखला आजऱ्याच्या शेजारीच आहे. चंदगडच्या डोंगरातून उतरणाऱ्या तिळारी नदीवरील दोडामार्ग येथील प्रकल्प महाराष्ट्र व गोवा यांनी संयुक्तपणे उभारला. पाण्याचा ७३.३ टक्के हिस्सा गोव्याचा व २६.७ टक्के महाराष्ट्राचा. खर्चही त्याच प्रमाणात. आणि देखरेखीस उभय राज्यांचे नियंत्रण मंडळ. बुडीत क्षेत्र एका राज्यात आणि लाभ बहुतांशी दुसऱ्यात, अशा स्थितीत लाभाच्या प्रमाणात खर्च हे साधे सूत्र टिकून राहिले. कालव्यांची दुरवस्था व पुनर्वसनाचे गाऱ्हाणे हे या प्रकल्पाचे उणे आहेच, तरी सूत्रास त्याने बाध येत नाही. म्हादईच्या बाबतीत त्याच गोव्याची व कर्नाटकाची गाठ लवादापुढे पडली आणि १४ ऑगस्ट २०१८ च्या निवाड्यानंतरही वाद मिटला नाही, हे पाहिले म्हणजे तिळारीचे मोल अधिक जाणवते.

परदेशांत या सूत्राचा विस्तार पुरापर्यंत झालेला आढळतो. अमेरिका व कॅनडा यांच्यातील कोलंबिया नदीचा तह १९६१ मध्ये झाला व १९६४ मध्ये अंमलात आला. त्यान्वये कॅनडाने वरच्या अंगास धरणे बांधून पुरासाठी जागा राखावयाची आणि अमेरिकेने त्यापोटी ६.४४ कोटी डॉलर व खालच्या अंगास वाढलेल्या विजेच्या लाभाचा अर्धा वाटा द्यावयाचा, असे ठरले. रिकाम्या जागेलाही भाडे असते, हे तेथे मान्य झाले. भारत व बांगलादेश यांच्यातील १९९६ चा गंगाजल करार मात्र १ जानेवारी ते ३१ मे या कोरड्या दिवसांतील वाटपापुरताच आहे. टंचाईखेरीज दुसरे काही न पाहण्याची खोड केवळ लवादांनाच आहे असे नाही.

पाण्याखेरीजचा शेजारव्यवहार तर कागदाची वाट पाहतच नाही. संकेश्वर-बांदा महामार्ग आजऱ्यावरून जातो व कर्नाटकाचे मैदान गोव्याच्या वेशीशी जोडतो. सीमेवरचा ऊस ज्या कारखान्याची तोड आधी येईल आणि भाव बरा मिळेल तिकडे जातो. सप्टेंबर २०२३ मध्ये महाराष्ट्राने परराज्यात ऊस नेण्यास बंदी केली, तेव्हा शेतकऱ्यांनी असा विरोध केला की काही दिवसांतच ती मागे घ्यावी लागली. कर्नाटकातून २००२ मध्ये आलेले हत्ती आता आजरा-चंदगडच्या उसात व केळीत वावरतात. त्यांच्या वाटेवर महाराष्ट्राने तिळारी व आजरा-भुदरगड येथे संवर्धन राखीव क्षेत्रे केली, पण हत्तीला एकच असलेले अरण्य तीन राज्यांच्या वनखात्यांत वाटलेले आहे. आणि २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालेला आजऱ्याचा घनसाळ तांदूळ, हा गरव्या जातीचा सुवासिक वाण, पावसाच्या वेळापत्रकावर इतका अवलंबून आहे की परतीचा पाऊस लांबला तर त्याचे नुकसान कोणत्याही लवादाच्या हिशेबात येत नाही.

हिरण्यकेशीच्या पुरासाठी रिकाम्या जागेचे मोल ठरविणारा, तिळारीच्या धर्तीचा आंतरराज्य करार व्हावा, असे प्रस्तुत लेखकास वाटते. त्यासाठी नवा कायदा करण्याची गरज नाही. १९५६ मध्येच, जलविवाद कायद्याच्या जोडीने, संसदेने नदी मंडळ कायदा संमत केला. शेजारी राज्यांनी एकत्र बसून संपूर्ण खोऱ्याचे, पूरनियंत्रणासह, नियोजन करावे यासाठी तो होता. तंट्याच्या कायद्याखाली आजवर अनेक लवाद बसले. नदी मंडळ कायद्याखाली एकही मंडळ स्थापन झालेले नाही.