अल-कुव्वा अल-जविया : बगदादच्या एका फुटबॉल क्लबाच्या इतिहासातून दिसणारे इराकी राज्य

प्रस्तावना

पदवी वर्गांना आधुनिक जगाचा इतिहास शिकविताना इराकचा उल्लेख सहसा दोन ठिकाणी येतो. पहिल्या महायुद्धानंतरच्या मँडेट व्यवस्थेत तो प्रथम येतो आणि पुढे एकदम १९९०-९१ च्या आखाती युद्धात. मधल्या साठ वर्षांत हे राज्य कसे उभे राहिले आणि सामान्य बगदादकराच्या जीवनात ते कोणत्या रूपाने शिरले, याविषयी आपली पाठ्यपुस्तके जवळजवळ मौन बाळगतात. ही पोकळी भरून काढण्यासाठी राजवाडा, तेल आणि लष्करी उठाव यांपलीकडची साधने शोधावी लागतात. प्रस्तुत लेखात त्यांपैकी एका साधनाचा, म्हणजे 'अल-कुव्वा अल-जविया' या फुटबॉल क्लबाच्या वाटचालीचा, विचार केला आहे. क्रीडेचा इतिहास हा गंभीर अभ्यासाचा विषय नव्हे, असा समज आपल्या विद्यापीठीय वर्तुळात अद्याप पुरता गेलेला नाही. या समजाशी प्रस्तुत लेखक सहमत नाही.

'अल-कुव्वा अल-जविया' याचा सरळ अर्थ 'हवाई दल' असा होतो. यातील 'कुव्वा' आणि आपल्या मराठीतील 'कुवत' हे एकाच अरबी मुळाचे शब्द आहेत. क्लबाचे नाव एखाद्या पेठेचे, शहराचे वा संस्थापकाचे नसून एका सरकारी खात्याचे असावे, ही गोष्ट इराकमध्ये अपवादात्मक नाही. अल-शुर्ता म्हणजे पोलीस, अल-मीना म्हणजे बसरा येथील बंदर, अल-तलबा म्हणजे विद्यार्थी, अल-नफ्त म्हणजे खनिज तेल, अल-कहरबा म्हणजे वीज, आणि अल-हुदूद म्हणजे सरहद्द. इराकी साखळी स्पर्धेचा गुणतक्ता वाचणे हे एखाद्या मंत्रिमंडळाची खातेवाटप यादी वाचण्यासारखे आहे. मुंबईच्या मैदानांवर एके काळी मफतलाल, महिंद्र, एअर इंडिया, पश्चिम रेल्वे यांचे संघ खेळत असत, त्याची येथे आठवण होते. मात्र मुंबईत गिरणीमालक व खासगी कंपन्यांचा वाटा मोठा होता; बगदादमध्ये आश्रयदाते राज्यच होते. हा फरक पुढील विवेचनात महत्त्वाचा ठरतो.

हवाई तळ आणि मैदान

मेसोपोटेमियाच्या मोहिमेत भारतीय सैन्याचा वाटा किती मोठा होता हे सर्वश्रुत आहे. २९ एप्रिल १९१६ रोजी कुत येथे जनरल टाउनशेंड यांनी तुर्कांपुढे शरणागती पत्करली तेव्हा त्यांच्या हाताखालील सैन्य हे सहावे, म्हणजेच 'पूना डिव्हिजन' होते; त्यात मराठा पलटणीही होत्या. युद्धानंतर एवढे भूदल तेथे ठेवणे ब्रिटिश तिजोरीला परवडेना. मार्च १९२१ मधील कैरो परिषदेत यावर उपाय निघाला आणि ऑक्टोबर १९२२ पासून इराकच्या संरक्षणाची धुरा रॉयल एअर फोर्सकडे देण्यात आली. जमिनीवरील शिपायाऐवजी आकाशातील विमान, हा साम्राज्याने शोधलेला काटकसरीचा मार्ग होता. त्याची किंमत बॉम्बहल्ले झेलणाऱ्या टोळ्यांनी मोजली.

बगदादजवळील हिनैदी हा या व्यवस्थेचा मुख्य हवाई तळ. तळ म्हटला की बराकी, भोजनगृह, दवाखाना आणि फुटबॉलचे मैदान हे ओघाने आलेच. पुढे इराकी फुटबॉलचे पितामह म्हणून ज्यांचा गौरव झाला ते अम्मो बाबा १९३४ मध्ये याच हिनैदीत एका अश्शुरी कुटुंबात जन्मले आणि हब्बानिया या दुसऱ्या ब्रिटिश तळाच्या परिसरात वाढले. १९५७ मध्ये बैरूत येथील अरब क्रीडास्पर्धेत मोरोक्कोविरुद्ध इराकच्या राष्ट्रीय संघाचा पहिला आंतरराष्ट्रीय गोल त्यांनी नोंदविला. तळाच्या कुंपणाआड शिकलेला खेळ राष्ट्राच्या नावावर जमा झाला, तो असा.

२२ एप्रिल १९३१ रोजी इराकचे स्वतःचे हवाई दल स्थापन झाले. क्रॅनवेल येथे शिकून आलेले मूठभर वैमानिक आणि हलकी जिप्सी मॉथ विमाने, एवढेच त्याचे भांडवल. क्लबाची स्थापना ४ जुलै १९३१ ची मानली जाते. मँडेट संपून इराकला राष्ट्रसंघाचे सदस्यत्व मिळाले ते ऑक्टोबर १९३२ मध्ये. म्हणजे राज्य औपचारिकरीत्या स्वतंत्र होण्याआधी त्याचे हवाई दल जन्मास आले आणि हवाई दल अडीच महिन्यांचे होण्याआधी त्याचा फुटबॉल संघ. राष्ट्र कागदावर येण्यापूर्वी मैदानावर उतरले, असे म्हटल्यास अतिशयोक्तीचा थोडा दोष पत्करावा लागेल. परंतु तारखा तर तेच सांगतात. मे १९४१ मध्ये याच हवाई दलाने आपल्या गुरूंविरुद्ध हब्बानियावर विमाने धाडली व महिन्याभरात पराभव स्वीकारला.

'उड्डाण' आणि अर-रशीद

१४ जुलै १९५८ च्या क्रांतीने राजेशाही गेली. तथापि खात्यांचे संघ राहिले. खरा बदल १९७४ मध्ये झाला. बाथ राजवटीने संस्थांच्या प्रतिनिधी संघांऐवजी क्लबांची राष्ट्रीय साखळी स्पर्धा सुरू केली आणि 'हवाई दल' हे नाव जाऊन 'अल-तयरान', म्हणजे 'उड्डाण', हे नाव आले. नागरी क्लबाच्या नावातून सैन्य वगळले गेले, व्यवस्थापनातून मात्र नाही. १९७४-७५ ची पहिली राष्ट्रीय साखळी याच अल-तयरानने जिंकली.

पुढील दशकातील सर्वांत बोलकी घटना दुसऱ्याच एका क्लबाची आहे. १९८३ मध्ये सद्दाम हुसेन यांचे ज्येष्ठ पुत्र उदय यांनी 'अर-रशीद' हा क्लब स्थापन केला. इतर क्लबांतील उत्तम खेळाडू तेथे ओढले गेले आणि १९८७, १९८८, १९८९ अशी सलग तीन वर्षे विजेतेपद या नव्या क्लबाकडे राहिले. खात्याच्या आश्रयावर घराण्याचा आश्रय मात करू शकतो, हे यातून दिसले. १९९० मध्ये अर-रशीद विसर्जित झाला आणि त्याच हंगामात विजेतेपद पुन्हा अल-तयरानकडे आले. घराण्याच्या मर्जीवर उभ्या राहिलेल्या क्लबाचे आयुष्य जेमतेम सात वर्षे भरले.

या काळाचा अभ्यास करताना साधनांची अडचण जाणवते. पराभूत खेळाडूंच्या छळाच्या तक्रारींची फिफाने १९९७ मध्ये चौकशी केली व पुरावा मिळाला नाही असा निर्वाळा दिला. ज्यांच्याविषयी तक्रार, त्यांच्याच राज्यात बसून साक्षीदार काय बोलणार होते? २००३ नंतर अनेक खेळाडूंनी उघडपणे दिलेल्या जबान्या वाचल्या की त्या निर्वाळ्याचे मोल कळते. अधिकृत अहवाल हा प्राथमिक साधन असतो हे खरे, परंतु प्राथमिक म्हणजे विश्वसनीय नव्हे, हे विद्यार्थ्यांना समजावण्यासाठी प्रस्तुत लेखक हेच उदाहरण देतो.

१९९१ च्या आखाती युद्धात शंभराहून अधिक इराकी विमाने शेजारच्या इराणमध्ये नेण्यात आली, ती बहुतांशी परत आली नाहीत. त्यानंतरच्या १९९१-९२ च्या हंगामात विजेता क्लब कोणता, तर अल-कुव्वा अल-जविया. विमाने गेली होती आणि जुने नाव परतले होते.

विसर्जन आणि नंतर

२३ मे २००३ रोजी बगदादमधील कोअॅलिशन प्रोव्हिजनल ऑथॉरिटीने आपला दुसरा आदेश काढला. त्या एकाच आदेशाने इराकचे संरक्षण मंत्रालय, भूदल, हवाई दल आणि त्यांबरोबर राष्ट्रीय ऑलिम्पिक समितीही बरखास्त झाली. क्लबाला नाव देणारी संस्था आणि क्रीडेचे नियमन करणारी संस्था, दोन्ही एकाच कागदावर संपल्या. २००२-०३ चा हंगाम युद्धामुळे अपूर्ण राहिला, पुढचाही पूर्ण झाला नाही. मग २००४-०५ चा हंगाम शेवटास गेला आणि अंतिम सामन्यात बसराच्या अल-मीनाला हरवून अल-कुव्वा अल-जविया विजेता ठरला. हवाई दलाची पुनर्स्थापना नुकतीच सुरू झाली होती. लढाऊ विमान त्याच्याकडे एकही नव्हते. इराकच्या 'हवाई दला'ने त्या वर्षी जे काही मिळविले ते हिरवळीवरच.

संस्था मोडल्या तरी त्यांच्या नावाभोवती जमलेला समाज मोडत नाही, असा एक विचार येथे पुढे येतो. प्रेक्षागारातील निळ्या झेंड्याखाली बसणारा माणूस वैमानिक नव्हता, कदाचित विमानात कधी बसलेलाही नव्हता. त्याच्यासाठी ते नाव खात्याचे राहिले नव्हते, आजोबांपासून चालत आलेल्या घराचे झाले होते. अर्थात या मताला मर्यादा आहे. क्लबाचा खर्च शेवटी सरकारी तिजोरीतूनच चालत राहिला, आणि केवळ प्रेक्षकांच्या निष्ठेवर तो तगला असता असे ठामपणे म्हणता येत नाही.

सुरक्षेच्या कारणास्तव इराकी संघांना दीर्घकाळ मायदेशी आंतरराष्ट्रीय सामने खेळण्यास मनाई होती. म्हणूनच २०१६ च्या एएफसी करंडकात या क्लबाचे 'घर' कतारमधील दोहा होते. तेथेच ५ नोव्हेंबर २०१६ रोजी अंतिम सामन्यात त्यांनी आपल्या बेंगळुरू एफसीचा १-० असा पराभव केला. गोल हम्मादी अहमद यांचा, आणि तो त्यांचा त्या स्पर्धेतील सोळावा. २०१७ मध्ये ताजिकिस्तानात इस्तिक्लोल संघाला नमवून करंडक राखला. त्याच वर्षी जुलैत मोसुल 'इस्लामिक स्टेट'च्या ताब्यातून सुटले होते. मार्च २०१८ मध्ये बसरा, करबला व एर्बिल येथील बंदी उठली आणि २७ ऑक्टोबर २०१८ रोजी बसराच्या मैदानावर तुर्कमेनिस्तानच्या अल्तीन असिरला २-० असे हरवून सलग तिसरा करंडक प्रथमच स्वदेशी प्रेक्षकांसमोर उचलला गेला.

या क्लबाशी महाराष्ट्राचा प्रत्यक्ष संबंध येण्यास २०२२ साल उजाडले. आशियाई चॅम्पियन्स लीगमध्ये मुंबई सिटी एफसी व अल-कुव्वा अल-जविया एकाच गटात आले. ११ एप्रिल रोजी रियाध येथे हम्मादी अहमद यांनी इराकी संघाला आघाडी मिळवून दिली. दिएगो मॉरिसिओ यांनी पेनल्टीवर बरोबरी साधली आणि पाचच मिनिटांनी मुंबईकर राहुल भेके यांच्या हेडरने सामना २-१ असा फिरविला. या स्पर्धेच्या गटसाखळीत भारतीय क्लबाने मिळविलेला तो पहिला विजय होता. आपल्या वृत्तपत्रांनी त्याचे कौतुक केले ते योग्यच. मात्र पराभूत संघाचा उल्लेख 'इराकचा एअर फोर्स क्लब' एवढ्यावरच आटोपला. 'पूना डिव्हिजन'च्या शरणागतीनंतर साम्राज्याने ज्या देशात शिपायाऐवजी विमान धाडले, त्या देशाच्या हवाई दलाचा हा एक्क्याण्णव वर्षांचा संघ होता.