शब्दवेध : आर्क्टिक

हिवाळ्यात इंदापूर तालुक्यातल्या भिगवणजवळ, उजनीच्या फुगवट्यावर छोटा टिलवा चिखलात भराभर चोच मारत फिरतो. मुठीत मावेल एवढा हा पाहुणा, पण अंडी घालतो थेट आर्क्टिकच्या तुंड्रात.

‘आर्क्टिक’च्या मुळाशी आहे ग्रीक ‘आर्क्टोस’, म्हणजे अस्वल. ध्रुवावरचं पांढरं अस्वल नव्हे, आकाशातलं! आपल्या सप्तर्षींत ग्रीकांना अस्वलीण दिसली आणि उत्तर दिशा तिच्या नावावर झाली. ‘आर्क्टोस’चा संस्कृत भाऊबंद म्हणजे ‘ऋक्ष’. सप्तर्षींना पूर्वी ऋक्षच म्हणत, असं शतपथ ब्राह्मण सांगतं. लोकमान्यांनी तर १९०३च्या ग्रंथात आर्यांचं मूळ घरच आर्क्टिकात शोधलं. सिद्धांत टिकला नाही, चर्चा मात्र खूप झाली.

अस्वलाच्या मुलखाचा विचारविनिमय १९९६पासून आठ देशांची आर्क्टिक परिषद करते. लष्करी सुरक्षेचा विषय तिनं सुरुवातीलाच बाहेर ठेवला. सोयीस्कर मौनच ते. २०२२मध्ये युक्रेनवर हल्ला झाला तेव्हा अध्यक्षपद रशियाकडेच होतं, आणि उरलेल्या सातांनी बैठकांकडे पाठ फिरवली.

भारत २०१३पासून तिथं निरीक्षक आहे. आर्क्टिकातल्या स्वालबार्ड बेटांवरचं आपलं ‘हिमाद्री’ संशोधन केंद्र २००८चं. त्याचा कारभार गोव्यातल्या वास्कोहून चालतो.