‘खालसा’ : एका शब्दाची वऱ्हाडांतील कथा

‘राज्य बुडालें’, ‘धुळीस मिळालें’ या शब्दांत पडझडीचा आवाज ऐकूं येतो. ‘खालसा झालें’ यांत तो नाहीं. अरबी मूळ पाहतां शब्दाचा अर्थ ‘शुद्ध, निर्भेळ’ असा आहे. मोंगली जमाबंदींत जिचा वसूल जहागीरदाराकडे न जातां थेट सरकारी खजिन्यांत येई, ती जमीन खालसा. पुढें मराठींत जहागीर वा इनाम सरकारजमा करणें म्हणजे ‘खालसा करणें’ झालें. जमीन तीच, रयत तीच. मधला धनी तेवढा नाहींसा होई.

कंपनी सरकारनें हाच न्याय राज्यांना लावला. औरस वारस नाहीं या सबबीवर १८४८ सालीं सातारा व १८५४ सालीं नागपूर खालसा झालें. नागपूरकर भोसल्यांचें जडजवाहीर लिलावांत निघालें.

वर्धा नदीच्या पश्चिमेस, वऱ्हाडांत, हा शब्द मात्र आला नाहीं. १८५३ च्या तहानें निजामानें फौजेच्या खर्चापोटीं वऱ्हाड कंपनीच्या हवालीं केलें. अमरावतीस व अकोल्यास इंग्रजी कचेऱ्या बसल्या, सारा इंग्रज वसूल करूं लागले. पण कागदोपत्रीं मुलूख निजामाचाच राहिला. दिवाण सालारजंगानें तो परत मागितला, मिळाला नाहीं. १९०२ सालीं सालीना २५ लक्ष रुपयांवर कायमचा पट्टा झाला, आणि १९३६ सालीं निजामाच्या युवराजास ‘प्रिन्स ऑफ बेरार’ ही पदवी मिळाली. नांव एकाचें, अंमल दुसऱ्याचा.

शब्द टळला, सत्ता टळली नाहीं. आणि नदीच्या दोन्ही तीरांवरील रयतेस विचारलें मात्र कोणींच नाहीं.